दादाला भयपट करायचाय

"मॅडम, आमच्या दादाला भुताचे सिनेमे काढायचेत. यात पोट भरतं का हो कुणाचं?" वडिलांनी खुर्चीत टेकायच्या आधीच विचारलं. आईंचा प्रश्न वेगळा होता. मुलगा पाणी प्यायला बाहेर गेला तेव्हा त्यांनी तो हळूच विचारला, "रात्रंदिवस त्याच्या डोक्यात तेच असतं. मन तर बिघडलं नसेल ना?"

सिनेमात जायचं म्हणणारी मुलं आणि त्यांचे धास्तावलेले आईवडील माझ्याकडे सल्ल्यासाठी बरेच येतात. भयपटाचं नाव निघालं की या दोन्ही शंका जोडीनेच येतात. म्हणून या घराची गोष्ट सांगते आहे, त्यांच्या परवानगीने आणि ओळख पटेल असे तपशील बदलून. घरात त्याला दादा म्हणतात, मीही तेच म्हणेन.

दादा तेव्हा २६ वर्षांचा होता. डिप्लोमा केला, वर्षभर एमआयडीसीत नोकरी केली, ती सोडली आणि लग्नाच्या व्हिडिओंचं एडिटिंग करून महिन्याला पंधरा-वीस हजार मिळवायला लागला. वडील जिल्हा परिषदेच्या लेखा विभागातून नुकतेच निवृत्त झालेले. त्यांच्या ग्रॅच्युइटीतले आठ लाख दादाने मागितले होते. तेवढ्यात पहिला सिनेमा होतो, असं त्याचं गणित. तीन आठवडे बापलेकांत अबोला होता.

आधी आईंच्या शंकेबद्दल. एखाद्याला भयकथा सुचतात यावरून त्याचं मन आजारी ठरत नाही. मी विषय बघत नाही. झोप कशी आहे, जेवण कसं आहे, मित्र टिकलेत का, हातात घेतलेलं काम पुरं होतं का, हे बघते. दादाला म्हटलं, केलेलं काहीतरी दाखव. त्याने आधी उठून माझ्या खोलीतला पंखा बंद केला. "आवाज नीट ऐकू यायला हवा," म्हणाला. मग फोन टेबलावर उभा करून चार मिनिटांची फिल्म लावली.

अंधारं माजघर, कोपऱ्यात जुनी पत्र्याची ट्रंक. माणूस कुठेच नाही. ट्रंकेच्या आतून कुणीतरी सावकाश बोटं मोडत असल्याचा आवाज. एक, मग थांबून दुसरं. नकळत आपण मोजायला लागतो. दहा झाली. शांतता. आपण श्वास सोडतो, आणि अकरावं बोट मोडतं.

आईंनी वडिलांची बाही घट्ट धरली होती. थोड्या वेळाने त्यांनी विचारलं, "आवाज कसला रे तो?"

"शेवग्याच्या शेंगा, आई. ओल्या फडक्यात गुंडाळून मोडल्या."

"मंगळवारच्या?"

दादा मान खाली घालून हसला. त्या घरातलं कुणीतरी तीन आठवड्यांनी हसलं होतं.

मी आईंना म्हटलं, हा मुलगा भुताने झपाटलेला नाही. अकरावं बोट किती सेकंदांनी मोडायचं, हे त्याने घड्याळ लावून ठरवलंय. हे कारागिराचं डोकं आहे. आजही मला तसंच वाटतं.

आता वडिलांचा प्रश्न. पोट भरतं का? मी त्यांना सरळ सांगितलं की पहिली काही वर्षं भरत नाही. पण स्वतंत्रपणे सिनेमा करू बघणारी इतकी मुलं भयपटाकडे वळतात, त्याला कारण आहे. या प्रकाराला मोठा नट लागत नाही. एक घर, चार माणसं, अंधार आणि आवाज यांवर तो उभा राहतो. आईंना रामसे बंधू आठवले. बरोबरच आहे, त्या भावांनी आपल्याच महाबळेश्वरात, घरातली माणसं हाताशी धरून १९७२ साली पहिला भयपट उभा केला होता.

दादाने लगेच 'तुंबाड'चं नाव घेतलं. त्याच्या पिढीचं ते दैवत आहे. गंमत अशी की वडिलांनीही त्याबद्दल वाचलं होतं. राही अनिल बर्वे यांच्या त्या सिनेमाचं चित्रीकरण २०१२ मध्ये सुरू झालं, मधे बराच भाग पुन्हा चित्रित झाला आणि प्रदर्शन झालं ऑक्टोबर २०१८ मध्ये. २०२४ मध्ये तो पुन्हा लागला, तेव्हा त्याने पहिल्या वेळेपेक्षा जास्त कमाई केली. मुलाला २०२४ दिसत होतं, वडिलांना मधली वर्षं. मी दादाला एवढंच विचारलं, "सहा वर्षं लागली, तर तुझ्या घराचं वीजबिल कोण भरेल?" त्याच्याकडे उत्तर नव्हतं.

मग पैशाबद्दल सविस्तर बोललो. अमेरिकेतल्या मिशिगनमध्ये सॅम रायमी नावाच्या, विशीही न गाठलेल्या मुलाने १९७८ मध्ये मित्रांना घेऊन आधी अर्ध्या तासाचा नमुना-भयपट केला. तो दाखवून गावातल्या दाताच्या डॉक्टरांकडून, व्यावसायिकांकडून थोडे थोडे पैसे जमवले, आणि त्यातून १९८१ चा 'इव्हिल डेड' झाला. अनेकांचे थोडे थोडे पैसे आणि एकाच माणसाची म्हातारपणाची पुंजी, यांत मोठा फरक आहे. या बाबतीत माझं मत ठाम आहे. पहिल्या सिनेमात वडिलांची ग्रॅच्युइटी घालू नये. सिनेमा पडला तर पैसे जातातच, वर मुलगा आयुष्यभर बापाच्या नजरेला नजर देत नाही.

बैठक छान झाली असं मला वाटलं. पण माझ्याकडून एक गोष्ट निसटली होती. त्या तासाभरात दादाचा फोन चारदा थरथरला आणि चारही वेळा त्याने तो न बघता पालथा घातला. पुढच्या आठवड्यात त्याला एकट्यालाच बोलावलं आणि तेच पहिल्यांदा विचारलं. बराच वेळ तो नखाने टेबलाची कड खरवडत बसला. मग म्हणाला, "वसुलीवाले आहेत, मॅडम."

कॅमेरा आणि लेन्स त्याने क्रेडिट कार्डावर आणि दोन ॲपवरून कर्ज काढून घेतले होते. एकूण २ लाख १० हजार. दर महिन्याला कार्डाची किमान रक्कम तेवढी भरायची आणि बाकीच्यावर व्याज चढू द्यायचं, असं वर्षभर चाललेलं. आई रात्री तीन वाजता त्याच्या खोलीत दिवा बघायच्या आणि भुतांना दोष द्यायच्या. तो जागा असायचा हप्त्यांमुळे. आठ लाखांची घाईसुद्धा त्यामुळेच होती. सिनेमाच्या पैशात हे कर्ज गुपचूप मिटवायचं, असं त्याने मनाशी ठरवलं होतं.

वडिलांना त्याने स्वतः सांगितलं, माझ्यासमोर, तिसऱ्या बैठकीत. मी रागाची तयारी ठेवली होती. वडिलांनी फक्त विचारलं, "व्याज किती?"

"महिन्याला साडेतीन टक्के."

"म्हणजे वर्षाचे बेचाळीस." ते थोडा वेळ खिडकीबाहेर बघत बसले. "अरे, हे आधी सांगायचंस. हे काय सिनेमापेक्षा कमी भयंकर आहे का?"

कॅमेरा विकून ९० हजार आले. कॅमेरा भाड्याने मिळतो, सुरुवातीलाच विकत घेऊन बसायची गरज नसते, हे मी प्रत्येक मुलाला सांगते. उरलेले १ लाख २० हजार वडिलांनी भरले, पण देणगी म्हणून नाही. कागदावर लिहून, दरमहा ८ हजार परतफेड, पंधरा महिने. ही सूचना माझी होती. दादाला ती अपमानास्पद वाटेल असं आईंना वाटत होतं. त्याने सही केली आणि त्या रात्री, आईंच्याच शब्दांत, 'गाढ झोपला'.

त्यानंतरच कामाचा विचार सुरू झाला. शेंगांचा तो आवाज माझ्या डोक्यातून गेला नव्हता. म्हटलं, दिग्दर्शक होईपर्यंत तू आवाजाचं काम का करत नाहीस? ओळखीच्या ओळखीने अंधेरीतल्या एका साउंड स्टुडिओत तो मदतनीस म्हणून लागला. पहिले सहा महिने खोलीचं भाडं आणि वडापाव यांतच पगार संपायचा, तेव्हा लग्नांचं एडिटिंग करून तो वडिलांचा हप्ता भरायचा. एकही चुकवला नाही.

तिथे बसल्या बसल्या तो धंदा शिकला. 'ए', म्हणजे फक्त प्रौढांसाठीचं, प्रमाणपत्र मिळालेला सिनेमा टीव्हीवर दाखवता येत नाही, त्यामुळे किती रक्त दाखवायचं हे लिहितानाच ठरवावं लागतं. मराठी चित्रपटाचं सरकारी अनुदान सिनेमा पूर्ण झाल्यावर, परीक्षण होऊन मिळतं, त्यामुळे ते भांडवल म्हणून धरता येत नाही. स्पेनमधलं सिट्जेस आणि कोरियातलं बुचॉन इथले महोत्सव भयपटांसारख्या सिनेमांसाठीच भरतात. नोव्हेंबरात गोव्याला इफ्फी या चित्रपट महोत्सवाच्या वेळी सिनेमा करणारे आणि पैसे घालणारे भेटतात असा फिल्म बाजार असतो, तिथे तो एकदा जाऊन आला. तिथे कुणी पैसे दिले नाहीत, पण दोघांनी पटकथा वाचायला मागितली.

पटकथा त्याने आणि एका मित्राने मिळून लिहिली होती, कागद काहीच नाही. मी त्याला जॉर्ज रोमेरोची गोष्ट सांगितली. पिट्सबर्गला जाहिराती आणि कारखान्यांच्या फिल्म करणाऱ्या या माणसाने १९६८ मध्ये मित्रांबरोबर 'नाइट ऑफ द लिव्हिंग डेड' केला. ऐनवेळी नाव बदललं आणि नव्या पाटीवर कॉपीराइटची ओळ राहून गेली. तेव्हाच्या अमेरिकी कायद्याने सिनेमा सगळ्यांचा झाला. जगभर चालला, कुणीही दाखवला, करणाऱ्यांच्या हक्काचे पैसे मात्र बुडाले. दादाने त्याच आठवड्यात मित्राशी लेखी करार केला आणि स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे पटकथा नोंदवली.

आता तो २९ वर्षांचा आहे. वडिलांचं कर्ज फिटलं. मोठा सिनेमा अजून झालेला नाही. मे महिन्यात मामाच्या कोकणातल्या घरात त्याने १८ मिनिटांची फिल्म केली, स्वतः साठवलेल्या पैशातून. दोन महोत्सवांनी नाकारली, तिसऱ्याचं उत्तर यायचंय.

गेल्या महिन्यात दादाचे वडील एकटेच येऊन गेले. पिशवीतून लांबोडकी वही काढून माझ्यासमोर ठेवली. त्या फिल्मचा सगळा खर्च त्यांनी लिहिलाय, लेखा विभागात लिहायचे तसा, तारीखवार, लाल रेघांत. कॅमेऱ्याचं भाडं, जनरेटरचं डिझेल, मामींना किराणा. एका ओळीवर त्यांनी बोट ठेवलं: शेवग्याच्या शेंगा, ६० रुपये. उजवीकडे 'जमा'चा रकाना त्यांनी आखून ठेवलाय. पानामागून पान तो कोराच आहे.