एकाच नमुन्यावर नवी जात?

चि. बेटा,

अनेक आशीर्वाद.

काटोलकडच्या संत्र्याच्या बागेतल्या त्या पांढऱ्या स्प्रिंगटेलचे, म्हणजे मातीतल्या त्या सहा पायांच्या बारीक जिवाचे, फोटो मोठे करून पाहिले. डोळे नाहीत, रंग नाही, पोटाखालचा उडी मारायचा काटाही नाही, म्हणून ही दुर्मिळ आणि नवी जात, असं तू लिहितेस. इतकी घाई नको करू. खोल मातीत राहणारे कितीतरी स्प्रिंगटेल असेच असतात. अंधारात डोळ्यांचं काय काम, आणि कणाकणांमधल्या फटीत उडी मारणार तरी कुठे? वेगवेगळ्या कुळांत ही ठेवण आपापली आलेली आहे, त्यामुळे तेवढ्यावरून जात ठरत नाही. ती ठरते अंगावरच्या केसांच्या मांडणीवरून, आणि त्यासाठी एकाच जागचे बरेच नमुने लागतात.

दुर्मिळपणाचं म्हणशील, तर अबखाझियातल्या क्रुबेरा-व्होरोन्या गुहेत 1,980 मीटर खोलीवर सापडलेल्या प्लुटोम्युरस ऑर्टोबालागानेन्सिस या स्प्रिंगटेलचं वर्णन 2012 मध्ये झालं. तिथे तो जीव दुर्मिळ, की तिथवर उतरणारा माणूस, कोण सांगणार?

तुझ्या बाबतीत मला वेगळीच शंका आहे. माती तू मे महिन्यात आणलीस. तेव्हा बाग मृग बहारासाठी ताणावर सोडलेली असणार. पाणी तोडलेलं, काळ्या जमिनीला भेगा पडलेल्या. अशा वेळी हे ओलीवर जगणारे जीव खाली जातात, नाहीतर मरतात. एकच सापडला याचं तुला नवल वाटतं, मला तर एक तरी सापडला याचं वाटतं! जुलैत पुन्हा जा. 0 ते 5, 5 ते 10 आणि 10 ते 20 सेंटिमीटर अशी वेगवेगळी माती घे. बुंध्याला बुरशीसाठीचं बोर्डो मलम लावलं असेल तर जागा जरा दूरची निवड; त्यातलं तांबं यांना मानवत नाही. मालकाला काय फवारलं तेही विचार आणि लिहून ठेव. नागपुरातल्या सेमिनरी हिल्सवरच्या पाचोळ्याखालचीही माती घे, तुलनेला बरी पडेल.

आता मातीतून जीव वेगळे काढायचं तुझं फनेल. बर्लेसेने 1905 मध्ये ते गरम पाण्यावर चालवलं, टुलग्रेनने 1918 मध्ये वर बल्ब लावला. माती वरून वाळत जाते, जीव ओल शोधत खाली सरकतो आणि अल्कोहोलात पडतो. तू बल्ब जास्त वॅटचा लावलास. आपल्या काळ्या मातीचं ढेकूळ तेवढ्या उष्णतेत बाहेरून विटेसारखं होतं आणि संथ चालणारे आतच अडकतात. एलईडीने तर माती तापतच नाही. जुना पिवळा 25 वॅटचा बल्ब शोध, उंच टांग, आणि चार-पाच दिवस चालू दे. ढेकळं फोडू नकोस. पाइपचा तुकडा ठोकून अखंड गोळा काढ आणि जाळीवर उलटा ठेव. वरच्या थरातल्या वाटा रुंद असतात, तिकडून त्यांना बाहेर पडता येतं.

आणि आहे तो एकुलता एक नमुना आताच स्लाइडवर चढवू नकोस. अल्कोहोलातच असू दे. स्लाइडसाठी पारदर्शक करायला लॅक्टिक ॲसिडमध्ये टाकलास की डीएनए काढायची सोय संपली म्हणून समज. जुलैतले दहा-बारा हाती आले की त्यांतले चार स्लाइडवर घे. पोस्टरमध्ये 'नवी जात' लिहिलंच असशील तर आजच काढून टाक, परीक्षक पहिला प्रश्न नमुने किती हाच विचारतील.

तुझ्या फनेलची जाळी फार बारीक आहे, पाहिलं मी फोटोत. बाहेर पडायलाच जागा नाही. दोन मिलिमीटरची पाठवतोय.

तुझा,
सर