हॉलिवूडचे दुय्यम नट इटलीत जाऊन काम का करत? त्यांचं आयुष्य कसं होतं?

मी मुंबईत बरीच वर्षं डबिंग करतो. त्यामुळे साठच्या दशकातले ते इटालियन वेस्टर्न, म्हणजे घोडेस्वार बंदूकबाजांचे चित्रपट, बघताना माझी नजर आधी नटांच्या ओठांवर जाते. तुमच्या प्रश्नाचं उत्तर मी एकाच माणसावरून देतो, कारण माझा जीव त्याच्यावर आहे: ली व्हॅन क्लीफ.

जन्म १९२५ चा, न्यू जर्सीतला. दुसऱ्या महायुद्धात तो नौदलात होता. १९५२ च्या ‘हाय नून’साठी निर्माते स्टॅनली क्रेमर त्याला डेप्युटीची, म्हणजे मार्शलच्या मदतनीसाची, चांगली मोठी भूमिका द्यायला तयार होते, पण नाक सरळ करून घ्यायचं, ही अट होती. तो नाही म्हणाला. मग वाट्याला आला असा गुंड, ज्याच्या तोंडी अख्ख्या चित्रपटात एक वाक्य नाही. तरी चित्रपट उघडतो तो त्याच्याच चेहऱ्यावर! पुढची काही वर्षं हेच चाललं. टोळीतला दुसरा-तिसरा माणूस व्हायचं, नायकाकडे रोखून बघायचं आणि गोळी खाऊन पडायचं.

पन्नासच्या दशकाच्या अखेरीस मोटार अपघातात गुडघ्याचा चुरा झाला. पुन्हा घोड्यावर बसता येणार नाही, असं डॉक्टरांनी सांगितलं. वेस्टर्नमधल्या नटाला हे ऐकावं लागणं म्हणजे काय, कल्पना करा. कामं आटत गेली आणि तो चित्रं काढू लागला.

इकडे इटलीत वेगळीच अडचण होती. वेस्टर्न म्हटलं की तो अमेरिकनच हवा, असं तिथलं वितरकांचं गणित. खुद्द इटालियन दिग्दर्शक सर्जिओ लिओनेने १९६४ मध्ये आपल्या पहिल्या वेस्टर्नवर स्वतःच्या नावाऐवजी ‘बॉब रॉबर्टसन’ असं नाव लावलं होतं. अस्सल अमेरिकन चेहरा हवा, पण मोठ्या ताऱ्यांचे पैसे परवडत नाहीत. अशा वेळी जुन्या चित्रपटांत कोपऱ्यात उभे राहिलेले चेहरे लिओनेला आठवत होते. १९६५ मध्ये त्याने व्हॅन क्लीफला ‘फॉर अ फ्यू डॉलर्स मोअर’मधला कर्नल मॉर्टिमर दिला. वयाच्या चाळिशीत त्याला पहिल्यांदा असा माणूस मिळाला, ज्याला स्वतःचं दुःख आहे, आणि जो शेवटी गुन्हेगारांवरच्या बक्षिसातला एक पैसाही न घेता निघून जातो.

आणि गुडघा तसाच असताना तो घोड्यावर बसला.

काम कसं चालायचं, हे माझ्या धंद्याच्या अंगाने सांगतो. स्पेनमधल्या आल्मेरियाच्या माळरानावर चित्रीकरण व्हायचं. आवाज सगळा नंतर भरायचा, त्यामुळे सेटवर जो तो आपापल्या भाषेत बोलायचा. लिओनेला इंग्रजी येत नव्हतं. अमेरिकन नट एलाय वॉलॅक त्याच्याशी मोडक्यातोडक्या फ्रेंचमध्ये बोलायचा. हिंदी सिनेमाही अनेक दशकं डबिंगवरच चालला, पण आपल्याकडे निदान समोरच्याचं वाक्य तरी कळायचं. इथे समोरचा काय म्हणतोय हे न कळता योग्य क्षणी डोळे बारीक करायचे! व्हॅन क्लीफला हे जमलं, कारण दहा-बारा वर्षं त्याने संवादांपेक्षा चेहऱ्यावरच काढली होती, असं मला वाटतं. इंग्रजी आवृत्तीत आवाज त्याचाच आहे, इटलीतल्या प्रेक्षकांनी मात्र दुसऱ्याचा ऐकला.

लिओनेचे हे चित्रपट अमेरिकेत पोचले १९६७ मध्ये. म्हणजे युरोपात तो नायक झाला, तेव्हा घरच्या प्रेक्षकांना त्याची खबरही नव्हती. सगळ्यांचं असं भलं झालं नाही. पण ज्या नटाला हॉलिवूडमध्ये कोणी विचारत नव्हतं, त्याचं नाव इटलीत पोस्टरवर वर यायचं, एवढं खरं. व्हॅन क्लीफ पुढे ‘सबाटा’सारख्या चित्रपटांत एकट्याच्या बळावर उभा राहिला. १९८९ मध्ये तो गेला.

२००३ मध्ये लिओनेच्याच ‘द गुड, द बॅड अँड द अग्ली’मधले कापलेले प्रसंग इंग्रजी आवृत्तीत परत जोडले. त्यांचं इंग्रजी डबिंग करायला व्हॅन क्लीफचे त्यातले सहकलाकार क्लिंट ईस्टवुड आणि वॉलॅक म्हातारपणी पुन्हा माइकसमोर उभे राहिले. व्हॅन क्लीफची वाक्यं सायमन प्रेस्कॉट या कलाकाराने बोलली. ती आवृत्ती मिळाली तर बघा. आवाज बदलतो ते मला लगेच कळलं. तरी त्या चेहऱ्यावरून नजर हलली नाही.