रीमा लागू बघायच्या तर सुरुवात कुठून करावी?

तुमचा प्रश्न दुपारी वाचला आणि तेव्हापासून डोक्यातून जात नाहीये. २०१७ च्या मे महिन्यात रीमा लागू गेल्याची बातमी आली तेव्हा तुमच्या आई टीव्हीसमोर रडल्या. तुम्हाला मात्र त्या ‘सलमानची आई’ एवढ्याच माहीत. मग लोक इतके का हळहळले, आणि त्यांचं काम बघायचं तर कुठून सुरू करायचं, असं तुम्ही विचारलंय.

तुमच्या आईंचं रडणं मला पूर्ण कळतं. आमच्या पिढीने त्यांना आधी नाटकात पाहिलं, सिनेमातली आई फार नंतर आली.

त्या मूळच्या नयन भडभडे. जन्म २१ जून १९५८ चा, मुंबईचा. आई मंदाकिनी भडभडे रंगभूमीवरच्या. ‘लेकुरे उदंड जाली’ म्हटलं की जुन्या प्रेक्षकांना त्यांचं काम अजून आठवतं. नयनची शाळा पुण्याची हुजूरपागा. लहानपणी ‘बेबी नयन’ म्हणून सिनेमांत कामं केली, पण पुढचा रस्ता सिनेमाने आपोआप उघडून दिला असं काही झालं नाही. युनियन बँकेत नोकरी धरली आणि जवळजवळ दहा वर्षं केली. विवेक लागूही बँकेतलेच आणि नाटकातलेच. १९७८ मध्ये लग्न झालं आणि नयन भडभडेची रीमा लागू झाली. पुढे दोघं वेगळे झाले. मुलगी मृण्मयी आज लेखनात आहे, २०२० च्या ‘थप्पड’ची ती सहलेखिका.

नोकरीच्या त्या दहा वर्षांवर मी जरा थांबते, कारण मीही मुंबईत बँकेतच होते आणि आंतरबँक एकांकिका स्पर्धांत पडद्यामागे धडपडायचे. सकाळी दहाला मस्टरवर सही, दिवसभर लेजर, संध्याकाळी दादर-गिरगावकडे तालीम, शनिवार-रविवार प्रयोग. दौरा लागला की शिल्लक सीएल, म्हणजे किरकोळ रजा, मोजायची, रात्रभर बसमध्ये डुलक्या काढायच्या आणि सोमवारी पुन्हा काउंटरला उभं राहायचं. मराठी रंगभूमीवरची किती तरी माणसं अशी दोन पाळ्यांत जगली. या जगण्याने नटाला एक गोष्ट मिळते. काउंटरपलीकडे रोज शंभर माणसं येतात: पेन्शन काढायला आलेली म्हातारी, पासबुकातली शिल्लक बघून गप्प होणारा माणूस, नवऱ्याच्या सहीवर अडलेली बाई. रीमाताईंच्या मध्यमवर्गीय बायका मला नेहमी ओळखीच्या वाटल्या, त्या कुठून तरी बघून घेतलेल्या असणार, असं मला तेव्हाही वाटायचं.

आता नाटकं. जयवंत दळवींचं ‘पुरुष’, विजया मेहतांचं दिग्दर्शन, समोर नाना पाटेकरांचा गुलाबराव. रीमाताईंची अंबिका म्हणजे एक शिक्षिका. सत्तेच्या मस्तीतला पुढारी गुलाबराव तिच्यावर बलात्कार करतो. पुढे घरचे, समाज, जवळचा माणूस असे एकेक जण कसे बाजूला सरकत जातात आणि शेवटी ती स्वतः त्याला काय शिक्षा देते, हे त्या काळात रंगमंचावर बघताना नाट्यगृह गारठायचं. नानाचा दरारा असा की समोरचा नट सहज झाकोळला जावा. अंबिका झाकोळली नाही. पहिल्या अंकात मोकळेपणाने बोलणारी ही मुलगी पुढे पुढे कमी बोलत जाते, आणि जितकी कमी बोलते तितकी तिची भीती वाटायला लागते.

दुसरं नाटक शेखर ताम्हाणे यांचं ‘सविता दामोदर परांजपे’. मी ते दादरच्या शिवाजी मंदिर नाट्यगृहात बाल्कनीतून पाहिलं, शेजारी माझी मावशी. कुसुम नावाची चारचौघींसारखी संसारी बाई आणि तिच्या अंगात दुसरीच एक. आजच्या सिनेमात अशा वेळी कॅमेरा, मेकअप, पार्श्वसंगीत सगळे मदतीला धावतात. रंगमंचावर मुख्य भांडवल नटीचा आवाज आणि पाठीचा कणा. कुसुमची सविता होते तेव्हा त्यांच्या आवाजाची पट्टी खाली उतरायची, उभं राहणं बदलायचं, आणि बाल्कनीतल्या शेवटच्या रांगेलाही कळायचं की आता समोर कुसुम नाही. मावशीने माझं मनगट इतकं घट्ट धरलं होतं की मध्यंतरात बघितलं तर बोटांचे वळ उठले होते. २०१८ मध्ये याच नाटकावर सिनेमा आला. तो जरूर बघा, पण आम्ही पाहिलेलं ते नव्हे.

सिनेमात त्या आधीपासूनच होत्या. ‘सिंहासन’ (१९७९), ‘आक्रोश’ (१९८०), ‘कलयुग’ (१९८१), सगळ्या लहान भूमिका. मग १९८८ मध्ये ‘कयामत से कयामत तक’मध्ये जुहीची आई झाल्या आणि पुढच्याच वर्षी ‘मैंने प्यार किया’मध्ये सलमानची. त्या वेळी वय एकतीस! सलमान त्यांच्यापेक्षा जेमतेम साडेसात वर्षांनी लहान. नायक चाळिशीतही कॉलेजात जातो आणि तिशीतल्या बाईच्या केसांना पांढरा हात लागतो, हा आपल्या सिनेमाचा जुना अन्याय आहे, आणि मला त्याचा आजही राग येतो. फिल्मफेअरला सहायक अभिनेत्रीसाठी चार वेळा नामांकन झालं, बक्षीस एकदाही नाही.

वर एका सदस्यांनी लिहिलंय की राजश्रीच्या, म्हणजे ‘मैंने प्यार किया’ काढणाऱ्या संस्थेच्या, सिनेमांनी त्यांना वाया घालवलं. मला हे अर्धंच पटतं. त्या आयांमध्ये त्यांनी एक नवी गोष्ट आणली. आधीची सिनेमातली आई बहुतेक वेळा शिलाई मशीनवर खोकत बसलेली असायची. रीमाताईंची आई हसरी, टापटीप, मुलाशी मैत्रिणीसारखी बोलणारी. वाक्य संपलं की ती नुसती उभी राहत नाही, समोरचा काय म्हणतोय ते ऐकते. हे ऐकणं रंगभूमीवरून आलेलं आहे. तिथे तुमच्यासाठी क्लोजअप कापून कोणी देत नाही, त्यामुळे वाक्य दुसऱ्याचं असतानाही तुम्हाला प्रसंगात राहावंच लागतं.

हे बघायचं असेल तर ‘वास्तव’ (१९९९) लावा. पन्नास तोळ्यांच्या साखळीचा प्रसंग सगळ्यांना संजय दत्तच्या संवादासाठी पाठ असतो. तुम्ही तो एकदा फक्त आईकडे बघत पाहा. मुलगा सोनं मिरवतोय आणि ही त्या सोन्याकडे न बघता मुलाकडे बघतेय. आणि शेवट तर आहेच. भ्रमिष्ट झालेला रघू, म्हणजे संजय दत्त, स्वतःच पिस्तूल आईच्या हातात देतो आणि सोडव म्हणतो. ‘मदर इंडिया’त नर्गिसने मुलावर गोळी झाडली ती गावाच्या अब्रूसाठी. इथे त्याच नर्गिसच्या खऱ्या मुलावर रीमाताई गोळी झाडतात, ती त्याचे हाल बघवत नाहीत म्हणून. संजय दत्त त्यांच्यापेक्षा एका वर्षाने लहान होता. पडद्यावर बघताना हे एकदाही डोक्यात येत नाही.

पण तुम्ही सुरुवात इथूनही करू नका. सुरुवात करा ‘तू तू मैं मैं’ने. सचिन पिळगांवकरांचं दिग्दर्शन, सून सुप्रिया, सासू रीमा. १९९४ चा सुमार डोळ्यांसमोर आणा. थिएटरात ‘हम आपके हैं कौन’मध्ये माधुरी आणि रेणुकाची सोज्वळ आई, दूरदर्शनवर ‘श्रीमान श्रीमती’मध्ये जतीन कनाकियांच्या केशवची बायको कोकी, आणि इकडे ही खट्याळ, कुरघोडी करणारी देवकी. तीन बायका, तिन्ही वेगळ्या, आणि बाईंचं वय छत्तीस. देवकीचं भांडण नीट ऐका. टोमणा मारण्याआधी एक इवलासा श्वास, मग वाक्य अगदी गोड सुरात, आणि शेवटच्या शब्दावर चिमटा. विनोदाचं हे टायमिंग नाटकाच्या प्रयोगांत हशे मोजून मोजून पक्कं होतं. सुप्रियानेही तोडीस तोड उत्तर दिलंय, म्हणून ती जुगलबंदी अजून शिळी होत नाही. जुने भाग इंटरनेटवर सापडतात.

त्यानंतर ‘वास्तव’, मग ‘हम साथ साथ हैं’. तिथे त्यांनी कैकेयीची छटा केली आहे, त्यामुळे राजश्रीतली एकच आई पुन्हा बघतोय असं वाटणार नाही. मराठीत गजेंद्र अहिरे यांचा ‘अनुमती’ (२०१३) चुकवू नका. भूमिका छोटी आहे, विक्रम गोखलेंच्या जुन्या मैत्रिणीची. उतारवयातली दोन माणसं समोरासमोर बसून बोलतात, बस्स. सगळ्यात शेवटी ‘नामकरण’ मालिकेतली करारी, कठोर दयावंती. १७ मे २०१७ ला त्या त्याच मालिकेचं चित्रीकरण करत होत्या. रात्री छातीत दुखू लागलं आणि १८ तारखेच्या पहाटे त्या गेल्या. एकोणसाठावं पुरं व्हायला महिना बाकी होता.

नाटकांचं मात्र दुःख आहे. त्या प्रयोगांत आम्ही जे पाहिलं ते आता तुम्हाला दाखवता येत नाही, नुसतं सांगता येतं, आणि सांगून ते निम्मंही पोचत नाही. म्हणून एक विनंती करते. आईंना आज संध्याकाळी विचारा, त्यांनी ‘पुरुष’ पाहिलं होतं का, कुठल्या नाट्यगृहात, आणि शेवटच्या पडद्यानंतर घरी जाताना बरोबरची माणसं काय बोलत होती. त्या जे सांगतील ते इथे नक्की लिहा. मी वाट बघते.