पडीक नाही, गायरान आहे ते

प्रश्न: ताई, आमचं गाव अमळनेर तालुक्यात. गावाबाहेर बरडाचं गायरान आहे, लहानपणापासून तिथंच ढोरं चारली. आता ग्रामपंचायतीत ठराव येतोय की जागा पडीकच आहे, तर सगळीकडे गिरिपुष्प आणि निलगिरी लावून टाकू. झाडं लावायला नाही कसं म्हणायचं, पण मन मानत नाहीये. आणि तिथल्या निंबावर एक छोटं घुबड बसतं, पोरगी म्हणते हाच तो दुर्मिळ रानपिंगळा. खरंय का?

उत्तर: दादा, मन मानत नाही ते बरोबरच आहे. आधी सातबारा काढा, त्यावर गुरचरण किंवा गायरान असं असेल, पडीक नव्हे, आणि या दोन शब्दांत फार फरक आहे, पडीक म्हणजे वापरात नसलेली, गायरान म्हणजे गावच्या ढोरांसाठी राखलेली. इंग्रजांची जमीनमोजणी आली तेव्हा शेतसारा वाढेल या भीतीनं १८५२ मध्ये सावदा, यावल, एरंडोलकडचे शेतकरी सरकारविरुद्ध उभे राहिले होते, म्हणजे जमिनीची कागदावर नोंद कशी होते याची समज आपल्याकडे जुनी आहे.

आता गवताचं बघा. कुसळीचं एक सुकलेलं कुसळ तळहातावर ठेवा आणि पाण्याचा थेंब टाका, ते जिवंत असल्यासारखं स्वतःभोवती फिरायला लागतं. ओल मिळाली की असंच पीळ घालत-सोडत ते बी जमिनीत रोवतं. कुसळी, पवन्या, मारवेल ही उन्हातली गवतं, गिरिपुष्प-निलगिरीच्या दाट लागवडीत ती टिकत नाहीत, आणि गवत गेलं की ढोरांचा चारा गेला, मेंढ्या घेऊन येणाऱ्या ठेलारींचा मुक्काम गेला, ससा, खोकड, तित्तर सगळेच गेले. टिटवी तर उघड्या खड्यांतच चार अंडी घालते, रंग इतका मिळताजुळता की पाय पडेपर्यंत दिसत नाहीत, भर उन्हात ती पोटाची पिसं पाण्यात भिजवून येते आणि अंड्यांवर बसते, मी स्वतः पाहिलंय आणि अजून विसरले नाही. हिवाळ्यात मध्य आशियातून भोवत्या नावाचे शिकारी पक्षी येतात, दिवसभर नाकतोडे खातात आणि रात्री गवतातच जमिनीवर झोपतात. झाडं लावायचीच तर बांधाला, नाल्याच्या कडेला निंब, बाभूळ, बोर लावा, मधला माळ मोकळा सोडा.

ग्रामसभेत दोन गोष्टी मांडा. सुप्रीम कोर्टाने जानेवारी २०११ मध्ये गावाच्या सामाईक जमिनींवरची अतिक्रमणं काढायला सांगितलं आणि त्यानंतर १२ जुलै २०११ ला आपल्या राज्याचाही शासन निर्णय आला, म्हणजे ही जमीन गावाच्या कामासाठी राखायची असते हे कोर्टानेच मानलंय. दुसरं म्हणजे गावच्या जैवविविधता समितीच्या नोंदवहीत टिटवी, कुसळी, खोकड हे सगळं लिहून घ्या, म्हाताऱ्या गुराख्यांना बोलवा, त्यांना जास्त माहीत असतं.

घुबडाचं म्हणाल तर तो बहुतेक साधा पिंगळा, त्याच्या डोक्यावर पांढरे ठिपके दाट असतात. रानपिंगळ्याचं डोकं जवळपास सपाट तपकिरी, आणि तो सातपुड्याच्या सागवानी जंगलात राहतो, गावाच्या निंबावर नाही. तो १८८४ नंतर कुणाला सापडलाच नव्हता, नामशेष झाला असंच धरून चालले होते आणि नोव्हेंबर १९९७ मध्ये आपल्या शहाद्याजवळच दिसला. पोरीला म्हणावं वहीत तारीख टाकून डोक्यावरचे ठिपके नीट काढ.