बेनेट, रेगन आणि तुमच्या मुलीची फी

अध्यक्ष रोनाल्ड रेगन यांच्या काळातले अमेरिकेचे शिक्षणमंत्री विल्यम बेनेट यांच्यावर लिहिल्यापासून पत्रे येत आहेत आणि बहुतेकांत गोंधळ एकच आहे: वॉशिंग्टनमधल्या शिक्षणमंत्र्याच्या हातात नेमके असते काय? त्यातले काही प्रश्न घेते.

बेनेट हे रेगन यांचे सल्लागार होते की मंत्री? (नागपूर)

मंत्री. 1985 ते 1988. तिथे मंत्री निवडून येत नाहीत, अध्यक्ष नेमतात आणि सिनेट मंजुरी देते.

ते पहिल्यापासून रिपब्लिकनच ना? (सोलापूर)

नाही. 1986 पर्यंत डेमोक्रॅट होते.

त्यांनी सगळ्या अमेरिकन शाळांचा अभ्यासक्रम बदलला, असे एका व्हिडिओत ऐकले. खरे आहे का? (सांगली)

खोटे आहे. 1979 च्या ज्या कायद्याने अमेरिकेचे शिक्षण खाते जन्माला आले, त्याच कायद्याने खात्याला अभ्यासक्रमावर हुकमत गाजवायला मनाई केली आहे. शाळा चालवतात राज्ये आणि स्थानिक मंडळे. बेनेट यांनी 1987 मध्ये ‘जेम्स मॅडिसन हायस्कूल’ नावाचा नमुना मांडला होता: इंग्रजी चार वर्षे, गणित, विज्ञान, सामाजिक शास्त्रे प्रत्येकी तीन, परकीय भाषा दोन. तो नमुनाच होता, शाळांवर बंधन कुठलेच नव्हते. त्यांचा जोर होता भाषणांत आणि लेखांत. त्या जोरावर त्यांनी देशभर वाद पेटवले, हे मात्र खरे. व्हिडिओ पुढे पाठवण्याआधी एवढे तपासत जा.

मुलीला एमएससाठी अमेरिकेला पाठवायचे आहे. एजंट म्हणतो, तिथले सरकार मदत देते म्हणून फी वाढते, हे बेनेट यांनी सिद्ध केले आहे; पण तीच मदत तुमच्या मुलीलाही मिळवून देतो. काय करावे? (पुणे)

या एका वाक्यात दोन असत्ये आहेत आणि दुसरे तुम्हाला महागात पडेल.

आधी पहिले. फेब्रुवारी 1987 मध्ये बेनेट यांनी ‘न्यूयॉर्क टाइम्स’मध्ये लेख लिहिला. सरकारी मदत वाढली की महाविद्यालये निर्धास्तपणे फी वाढवतात, हा त्यांचा आरोप. अर्थशास्त्रज्ञ त्याला आजही ‘बेनेट गृहीतक’च म्हणतात, कारण ते सरसकट सिद्ध झालेले नाही. नफ्यासाठी चालणाऱ्या संस्थांबाबत पुरावा भक्कम आहे. न्यूयॉर्क फेडरल रिझर्व्हच्या (अमेरिकेच्या मध्यवर्ती बँकेच्या तिथल्या शाखेच्या) 2015 च्या अभ्यासात अनुदानित कर्जाची मर्यादा वाढल्यावर त्यातला मोठा भाग फीवाढीत गेलेला दिसला. पण इतर अभ्यासांत, विशेषतः सरकारी विद्यापीठांबाबत, परिणाम किरकोळ आढळला किंवा आढळलाच नाही. शिवाय राज्य सरकारांनी हात आखडता घेतला की फी वाढते, हेही एक मोठे कारण. बेनेट यांचा प्रश्न मला महत्त्वाचा वाटतो, पण त्यांचे उत्तर अर्धेच आहे.

आता दुसरे. भारतातून एफ-1, म्हणजे विद्यार्थी व्हिसावर जाणाऱ्या विद्यार्थ्याला अमेरिकेचे संघीय अनुदान किंवा कर्ज मिळत नाही. कोणी ‘मिळवून देतो’ म्हणत असेल, तर त्याच्याशी बोलणे तिथेच थांबवा. विद्यापीठाची स्वतःची शिष्यवृत्ती किंवा असिस्टंटशिप (शिकवण्यात वा संशोधनात मदत करून मिळणारा पैसा) वेगळी. तिचे पत्र थेट विद्यापीठाकडून येते.

माझी खरी काळजी पुढची आहे. मुलीचा आय-ट्वेंटी, म्हणजे व्हिसासाठी विद्यापीठ देते तो प्रवेशाचा कागद, आला की पहिल्या पानावरची आर्थिक चौकट वाचा. एका बाजूला अंदाजे खर्च, दुसऱ्या बाजूला पैसा कुठून येणार ते. खर्चाच्या डोक्यावर महिन्यांचा आकडा छापलेला असतो, बहुधा 9 किंवा 12. म्हणजे तो खर्च तेवढ्याच महिन्यांचा, संपूर्ण पदवीचा नव्हे! दरवर्षी पालक तो एकूण खर्च समजून कर्ज काढतात आणि दुसऱ्या वर्षी घर गहाण टाकायला निघतात. तिथे फी वाढते, इथे रुपया घसरतो, कर्जाची मंजुरी मात्र रुपयांत असते. म्हणून आजच, व्हिसाची तारीख मिळेपर्यंत न थांबता, विद्यापीठाच्या आंतरराष्ट्रीय विद्यार्थी कार्यालयाला ईमेल करून संपूर्ण पदवीचा अंदाज लेखी मागा. तो घेऊन बँकेत जा आणि सनदी लेखापालालाही दाखवा. एजंटच्या तोंडी आकड्यावर सही करू नका.

अमली पदार्थविरोधी मोहिमेचे प्रमुख तेच का? (नाशिक)

हो. थोरल्या बुश यांच्या काळात, 1989-90. त्या कार्यालयाचे पहिले संचालक.

मुलांसाठी त्यांनी संकलित केलेल्या सद्गुणांच्या गोष्टी द्याव्यात का? स्वतः जुगार खेळत, असे वाचले. (ठाणे)

2003 मध्ये ते उघड झाले आणि त्यांनी जुगार सोडत असल्याचे जाहीर केले. गोष्टी जुन्याच, अनेक देशांतल्या आहेत. आधी तुम्ही वाचा, मग मुलांना द्या.

आम्ही न्यू जर्सीत राहतो. बेनेट यांनी काढलेल्या कंपनीच्या ऑनलाइन शाळेत मुलाला घालावे का? (एडिसन)

‘के-ट्वेल्व्ह’ कंपनीच्या संस्थापकांत ते होते. 2005 मध्ये रेडिओवरच्या एका वांशिक वक्तव्यावरून गदारोळ झाल्यावर ते बाहेर पडले. कंपनीचे आजचे नाव ‘स्ट्राइड’. मंत्र्याचे नाव लागले म्हणून शाळा चांगली ठरत नाही आणि जाहिरातीतल्या हसऱ्या मुलांवरूनही नाही. पदवीपर्यंत किती मुले पोहोचतात, एका शिक्षकामागे मुले किती आणि मध्येच किती सोडून जातात, हे शाळेकडून लेखी घ्या. मग तुमच्या भागातल्या सरकारी शाळेच्या समुपदेशकाची वेळ घेऊन, मुलालाही सोबत नेऊन, ते कागद पुढ्यात ठेवा. परत शाळेत यायचे झाले तर श्रेयांक धरले जातील का, हे त्याच भेटीत विचारा.