विचारा की! : खोल्या बुक करणारी पुढे प्रोड्यूसर होते का?

प्रश्न : दादा, मागच्या थंडीत आमच्याकडे एका सिरीजचं शूटिंग झालं. मी बीकॉम करून घरीच होते म्हणून प्रोडक्शनवाल्यांना मदत केली, होमस्टेच्या खोल्या, होडीवाले, जेवण, आणि भरती कधी ओहोटी कधी ते पण मीच सांगायचे. मजा आली, पैसे मात्र अर्धेच आले. आई म्हणते ह्यात काय करियर नाय, बँकेची परीक्षा दे. युनिटमधला एकजण म्हणाला स्वीडनमध्ये एक बाई अशीच खालून वर जाऊन प्रोड्यूसर झाली. खरं का?
— एक वाचक, वेंगुर्ले

उत्तर : खरंय ताई. कटिंका फॅरागो. जन्म १९३६ चा, व्हिएन्नातला, लहानपणीच स्वीडनला आली आणि विशी गाठायच्या आत तिथला मोठा दिग्दर्शक इंगमार बर्गमनच्या सेटवर स्क्रिप्ट गर्ल म्हणून उभी राहिली. म्हणजे कंटिन्युटीचं काम, मागच्या शॉटमध्ये कप कुठल्या हातात होता, बटण लावलेलं होतं की नाही, सगळं वहीत लिहायचं. तुमच्या किनाऱ्यावर हेच काम किती अवघड ते तुम्हीच बघा, सकाळी होडी पाण्यात असते आणि सहा तासांनी तीच वाळूवर, परत भरती रोज पाऊणेक तास पुढे सरकते, म्हणजे उद्या त्याच वेळेला आलात तरी आजचा समुद्र मिळत नाही. हे ज्याला डोक्यात धरता येतं त्याला शेड्यूल लावता येतं, आणि शेड्यूल लावता आलं की खर्च कळतो. कटिंकाबाई ह्याच वाटेने प्रोडक्शन मॅनेजर, म्हणजे शूटिंगचं शेड्यूल, माणसं आणि खर्च सांभाळणाऱ्या, झाल्या असं माझं मत. बर्गमनच्या 'फॅनी अँड अलेक्झांडर'चं (१९८२) मॅनेजमेंट त्यांच्याकडे होतं, चार ऑस्कर मिळाले त्या पिक्चरला.

पण मला त्यांचं खरं कौतुक तार्कोव्हस्कीच्या 'द सॅक्रिफाइस'चं वाटतं. १९८५ साली स्वीडनच्या गोटलांड बेटावर शूटिंग, दिग्दर्शक रशियन, बोलणं सगळं दुभाष्यामार्फत, आणि शेवटी एक अख्खं घर जाळायचं एकाच लांब शॉटमध्ये. घर पेटलं आणि कॅमेरा अडकला! घर गेलं, शॉट पण गेला. मग तेच घर परत उभं केलं आणि परत जाळलं. पडद्यावर दिसतो तो दुसऱ्या वेळचा जाळ. दिग्दर्शकाचं दुःख सगळे लिहितात हो, पण सुतार, लाकूड, युनिटचे जादा दिवस, वरून पैसे, हे कुणीतरी जमवलंच ना, आणि प्रोडक्शन मॅनेजर ह्याच बाई होत्या.

आईंना सांगा परीक्षा देते, आणि द्या पण. पण पुढचं युनिट आलं की कामाआधी रेट लिहून घ्या, व्हॉट्सअपवर का होईना, अर्धे ॲडव्हान्स, आणि जेट्टी लागणार असेल तर सागरी मंडळाची परवानगी कोण काढणार ते पहिल्याच दिवशी विचारा. आणि वही ठेवा.

प्रश्न : प्रोड्यूसर म्हणजे नुसता पैसेवाला ना?
— वाचक, दापोली

उत्तर : नेहमी नाही. स्वीडनच्या ॲलन एकेलुंडचं नाव बर्गमनच्याच 'द सेव्हन्थ सील' ह्या पिक्चरवर (१९५७) प्रोड्यूसर म्हणून आहे, पण पैसा स्वेन्स्क फिल्मइंडस्ट्री ह्या कंपनीचा. शूटिंग साधारण ३५ दिवसांत उरकलं. शेवटी डोंगरावरून मृत्यूच्या मागे नाचत जाणारी माणसं दिसतात ना, तेव्हा बरेचसे नट दिवसाचं काम संपवून गेलेले, मग टेक्निशियन आणि तिथे फिरायला आलेल्या एक-दोन लोकांनाच कपडे घालून नाचवलं.