डम्पलिंगचे पीठ मळायचे नसते

प्रश्न : माझी मुलगी दोन वर्षे अमेरिकेतील जॉर्जिया राज्यात शिकत होती. तिथे तिने घरमालकिणीच्या हातचे ‘चिकन अँड डम्पलिंग्ज’ अनेकदा खाल्ले आणि आता ठाण्याला परतल्यावर ती त्याची आठवण काढत असते. मी दोनदा प्रयत्न केला. पहिल्या वेळी गोळे दगडासारखे घट्ट झाले, दुसऱ्या वेळी बाहेरून विरघळले आणि आत पीठ कच्चेच राहिले. रस्साही दोन्ही वेळा पाणचट लागला. माझे काय चुकते आहे?
– एक वाचक, घोडबंदर रस्ता, ठाणे

उत्तर : आपल्या पत्रावरून असे दिसते की आपले साहित्य चुकलेले नाही. पोळ्यांची कणीक मळण्याची वर्षानुवर्षांची सवय इथे आपल्या आड आली आहे. डम्पलिंग म्हटले की आपल्याला मोमो आठवतात, परंतु या पदार्थात सारण नसते. कोंबडीच्या दाट रश्शात शिजवलेले पिठाचे साधे गोळे किंवा पट्ट्या एवढेच त्याचे स्वरूप असते. अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत याचे दोन प्रकार केले जातात. एकात बेकिंग पावडर घातलेले सैल पीठ चमच्याने रश्शात सोडतात आणि त्याचे गोळे फुगून हलके होतात. दुसऱ्यात पीठ लाटून, पट्ट्या कापून रश्शात शिजवतात. हा प्रकार आपल्या वरणफळांच्या, म्हणजेच चकोल्यांच्या, अगदी जवळचा आहे. मुलीने कोणता प्रकार खाल्ला होता, हे आधी तिला विचारून घ्यावे, कारण दोन्हींचे पीठ हाताळण्याची रीत एकमेकींच्या नेमकी उलट आहे.

प्रथम रश्शाविषयी. सव्वा ते दीड किलोची कोंबडी स्किनसकट घ्यावी. आपल्याकडे दुकानदार न विचारताच कातडी काढून करी कट करून देतात, म्हणून कोंबडी कापण्यापूर्वीच तसे सांगावे आणि चार-पाच मोठे तुकडेच करून घ्यावेत. जाड बुडाच्या पातेल्यात ते तुकडे, एक मोठा कांदा, दोन गाजरे, मिळाल्यास सेलरीच्या दोन काड्या, ८-१० काळी मिरी आणि मीठ घालून अडीच लिटर गार पाण्यात मंद आचेवर ठेवावे. वर येणारा फेस काढत राहावा. रस्सा खळखळ उकळू देऊ नये, फक्त कडेने बुडबुडे येत राहतील एवढीच आच असावी. छातीचा तुकडा साधारण अर्ध्या तासात आणि तंगड्या पाऊण तासात शिजतात. ते बाहेर काढून मांस सोडवून घ्यावे आणि हाडे व कातडी पुन्हा पातेल्यात टाकून आणखी एक तास शिजू द्यावीत. आपला रस्सा पाणचट होतो, तो बहुधा इथेच. मांस लवकर शिजते, परंतु हाडांच्या सांध्यांतील आणि कातडीतील कोलॅजन विरघळून त्याचे जिलेटीन व्हायला वेळ लागतो, आणि रश्शाला ओठांना चिकटणारा दाटपणा त्या जिलेटीनमुळेच येतो. कुकरच्या तीन शिट्ट्यांत कोंबडी शिजते, पण हाडे आपला रस देत नाहीत. दुकानदाराकडून कोंबडीचे चार-सहा पाय मागून घेतले आणि स्वच्छ करून त्यात टाकले, तर फरक लगेच जाणवतो.

रस्सा गाळून घ्यावा. वर तरंगणारी तीन-चार मोठे चमचे चरबी पातेल्यात घेऊन तिच्यात तेवढाच मैदा दोन मिनिटे परतावा, रंग बदलू देऊ नये, आणि मग ढवळत ढवळत रस्सा ओतावा. त्यात सोडवलेले मांस, हवे तर थोडे दूध आणि ताजी भरडलेली मिरी घालावी. गरम मसाल्याचा मोह इथे कृपया टाळावा. या पदार्थाची चव कोंबडीची आणि मिरीची आहे. अमेरिकी पाककृतींत जे ‘बे लीफ’ लिहिलेले असते ते आपले तमालपत्र नव्हे. ते दुसऱ्या झाडाचे पान आहे, आपल्या तमालपत्राला दालचिनीच्या जवळचा वास असतो. म्हणून घालायचेच असेल तर लहानसे एकच पान घालावे.

आता गोळे. २५० ग्रॅम मैदा, एक मोठा चमचा बेकिंग पावडर आणि पाऊण छोटा चमचा मीठ एकत्र चाळून त्यात ६० ग्रॅम गार लोणी बोटांच्या टोकांनी रवाळ होईपर्यंत चोळावे. मग १८० मिलिलिटर गार दूध ओतून काट्याने दहा-बारा वेळाच फिरवावे. कोरडे पीठ दिसेनासे झाले की हात थांबवावा. मिश्रणात गुठळ्या राहिल्या तरी चालतात, किंबहुना राहायलाच हव्यात. मैदा ओला करून मळला की त्यात ग्लूटेनचे जाळे तयार होते. पोळीला ते हवे असते, इथे मात्र त्यानेच गोळा घट्ट होतो. आपले पहिल्या वेळचे दगड त्यातूनच झाले असावेत. अमेरिकेच्या दक्षिणेत दुधाऐवजी ताक वापरतात. आपल्याकडे घट्ट दही थोड्या पाण्यात घुसळून घ्यावे आणि पिठात पाव छोटा चमचा खाण्याचा सोडा वाढवावा.

रस्सा मंद उकळत असताना लहान लिंबाएवढे गोळे चमच्याने एकमेकांपासून अंतर ठेवून सोडावेत, कारण ते बरेच फुगतात. लगेच घट्ट झाकण ठेवावे आणि १५ मिनिटे ते उघडू नये. गोळ्याचा खालचा भाग रश्शात शिजतो, पण वरचा भाग केवळ वाफेवर शिजतो. उत्सुकतेने झाकण उचलले की वाफ जाते आणि आत पीठ कच्चे राहते, तर आच मोठी असली की गोळे आपटून बाहेरून विरघळतात. दुसऱ्या वेळी या दोन्ही गोष्टी झाल्या असाव्यात. पंधरा मिनिटांनंतर एक गोळा मोडून पाहावा. आत पावासारखी जाळी दिसली पाहिजे.

आणखी एक तपासणी जरूर करावी. आपल्या पावसाळी दमट हवेत उघडलेली बेकिंग पावडर लवकर निकामी होते. अर्धा छोटा चमचा पावडर गरम पाण्यात टाकून पाहावी. भरपूर फेस आला नाही, तर नवा डबा आणावा.

मुलीने पट्ट्यांचा प्रकार खाल्ला असेल तर आपले काम फारच सोपे आहे. तेवढ्याच मैद्यात मीठ, दोन मोठे चमचे लोणी आणि लागेल तसा कोमट रस्सा घालून पीठ नीट मळावे, अर्धा तास झाकून ठेवावे, जाडसर लाटून पट्ट्या कापाव्यात आणि १२-१५ मिनिटे शिजवाव्यात. पट्ट्यांवरच्या पिठाने रस्सा आपोआप दाट होतो, म्हणून त्यात वेगळा मैदा परतण्याची गरज नाही.

प्रश्न : यासाठी गावठी कोंबडी वापरली तर चालेल का?
– एक वाचक, ऐरोली

उत्तर : चालेल, आणि रस्सा ब्रॉयलरपेक्षा चवदार होईल. अमेरिकेच्या शेतघरांतही अंडी देणे थांबलेली जून कोंबडी याच पदार्थासाठी वापरली जात असे. मात्र तिला मंद आचेवर दोन ते तीन तास द्यावे लागतात; कुकर वापरायचाच असेल तर शिट्ट्या न मोजता मंद आचेवर ३५-४० मिनिटे ठेवावी.

प्रश्न : आमच्या आगरी घरात तांदळाचे पीठ नेहमी असते आणि सासूबाईंना गहू वर्ज्य आहे. मैद्याऐवजी तांदळाचे पीठ घेता येईल का?
– एक वाचक, बेलापूर

उत्तर : मैद्याच्या जागी थेट घेता येणार नाही. तांदळात ग्लूटेन नसल्यामुळे बेकिंग पावडरचा वायू धरून ठेवायला काही उरत नाही आणि गोळा रश्शात फुटतो. परंतु मोदकाची उकड आपल्या हातची असेल, तर तोच मार्ग घ्यावा. एक वाटी रश्शाला उकळी आणून त्यात मीठ, चमचाभर तेल आणि एक वाटी पीठ घालावे, वाफ आणावी आणि गरम असतानाच ओल्या हाताने भरपूर मळावे. इथे मळण्यात कसूर करू नये. सुपारीएवढे गोळे करून, अंगठ्याने मध्ये खळगा पाडून, मंद उकळत्या रश्शात आठ-दहा मिनिटे शिजवावेत. रस्सा दाट करण्यासाठीही मैदा न घेता तांदळाचेच पीठ पाण्यात कालवून लावावे. हा पदार्थ अमेरिकी राहणार नाही, पण त्या खळग्यांत रस्सा भरतो आणि तो मला मैद्याच्या गोळ्यांइतकाच आवडतो.

प्रश्न : उरलेले दुसऱ्या दिवशी डब्यात नेता येते का?
– एक वाचक, कोपरखैरणे

उत्तर : रात्रभर रश्शात राहिलेले गोळे तो शोषून लगदा होतात, म्हणून उरणार असे दिसताच ते झाऱ्याने वेगळे काढावेत. दोन्ही वेगवेगळ्या डब्यांत, शिजल्यापासून दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये ठेवावेत आणि दोन दिवसांत संपवावेत. गार रस्सा जेलीसारखा थिजलेला दिसला तर तो बिघडला असे समजू नये. ते जिलेटीन आहे, गरम करताच पुन्हा पातळ होते. आधी रस्सा चांगला उकळावा, मगच त्यात गोळे सोडावेत.